भारताकडून खेळलाय, मग कोचिंगची परीक्षा कशाला?

ऑगस्ट २०२५ मध्ये खालिद जमील भारतीय फुटबॉल संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. सुमारे १७० अर्जांमधून त्यांची निवड झाली, आणि २०१२ नंतर पहिल्यांदाच या खुर्चीवर भारतीय माणूस बसला. सप्टेंबरमध्ये त्यांच्या संघाने ओमानला हरवलं तेव्हा कौतुक झालं. ऑक्टोबरमध्ये मडगावात सिंगापूरकडून हरून आशिया कपचं दार बंद झालं, नोव्हेंबरमध्ये ढाक्यात बांगलादेशनेही ०-१ असं हरवलं, आणि कौतुक करणारेच चिडले.

सांगलीत फुटबॉल तसा चार वर्षांनी एकदा, वर्ल्ड कपपुरता उगवणारा विषय. तरी त्या दिवसांत आमराईत सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींमध्येही दोन प्रश्न ऐकू आले. एक म्हणजे, "इंडिया खेळलेला माणूस आहे, मग जमत कसं नाही?" आणि दुसरा, "हे प्रो लायसन्स काय प्रकरण आहे? कोचला गाडी चालवायचीय का?" दुसरा प्रश्न चेष्टेतला असला तरी पहिल्याचं उत्तर त्याच्यातच दडलंय.

आधी माणूस कोण ते बघू

जमील यांचा जन्म १९७७ चा, कुवेतमधला. मिडफिल्डर म्हणून ते मुंबईत एअर इंडिया आणि महिंद्रा युनायटेडकडून खेळले, भारताकडूनही खेळले. मिडफिल्डर म्हणजे बचावफळी आणि आघाडीफळी यांच्या मधला खेळाडू, ज्याला दोन्हीकडचं बघावं लागतं. दुखापतींनी पाय धरले आणि मुंबई एफसीत शेवटी बूट काढून ठेवावे लागले. २००९ मध्ये, वयाच्या बत्तिशीत, त्याच क्लबने त्यांना कोच केलं. पुढची सुमारे सात वर्षं ते तिथेच होते. बेताचं बजेट, तारांकित खेळाडू नाहीत, आणि खालच्या गटात घसरायचं नाही एवढंच ध्येय. या वर्षांबद्दल फारसं कोणी लिहीत नाही. माझ्या मते त्यांचं खरं शिक्षण तिथेच झालं.

मग आलं आयझॉल. मिझोरमचा हा क्लब आदल्या हंगामात आय-लीग या तेव्हाच्या देशाच्या मुख्य लीगमधून खाली गेला होता आणि गोव्याच्या क्लबांनी माघार घेतल्यावर त्याला परत घेतलं होतं. जमील यांच्या हाताखाली त्याच संघाने २०१६-१७ ची आय-लीग जिंकली. शेवटच्या दिवशी शिलाँगमध्ये एक गुण हवा होता. संघ आधी ०-१ मागे पडला, मग १-१ बरोबरी साधली आणि मोहन बागानपेक्षा एका गुणाने वर राहिला. ईशान्य भारतातल्या क्लबने देशाची लीग जिंकण्याची ती पहिलीच वेळ. पुढे ईस्ट बंगाल, मोहन बागान, नॉर्थईस्ट युनायटेड, जमशेदपूर अशी मजल दरमजल झाली. नॉर्थईस्टमध्ये हंगामाच्या मध्यात तात्पुरता कारभार हाती आला, आणि भारतीय कोचच्या हाताखाली आयएसएलच्या (इंडियन सुपर लीग, देशातली वरची लीग) प्ले-ऑफमध्ये, म्हणजे शेवटच्या बाद फेरीत, गेलेला तो पहिला संघ ठरला.

म्हणजे "इंडिया खेळलेला" ही ओळख खरी असली तरी तिच्या जोरावर त्यांना पहिली नोकरी मिळाली असेल, पुढची मिळाली ती कामाच्या जोरावर. बूट काढल्यापासून राष्ट्रीय संघापर्यंत सोळा वर्षं गेली.

हे आपल्याला तालमीतून आधीच माहीत आहे

शिराळा तालुक्यातल्या पुनवतचे गणपतराव आंदळकर हिंदकेसरी होते. १९६२ च्या जकार्ता एशियाडमध्ये ग्रीको-रोमनमध्ये सुवर्ण आणि फ्रीस्टाइलमध्ये रौप्य त्यांनी आणलं. नंतर कोल्हापूरच्या मोतीबाग तालमीत वस्ताद म्हणून त्यांनी पैलवानांच्या पिढ्या घडवल्या. पण प्रत्येक हिंदकेसरी चांगला वस्ताद होत नाही, हे आपल्या भागात वेगळं सांगायला नको.

कारण सोपं आहे. हौद्यात असताना पैलवान समोरच्याचा पट काढतो तेव्हा तो विचार करत नाही, अंगच ते करतं. वस्ताद कडेला उभा राहून बघतो की या पठ्ठ्याचा डावा पाय उशिरा हलतोय. मग ते त्याला कळेल अशा शब्दांत सांगावं लागतं, आणि पुढच्या पोराला तेच वेगळ्या शब्दांत, कारण त्याचं अंग वेगळं. शिवाय आज कोणाला लढवायचं, कोणाला विश्रांती द्यायची, कोणाला जरा टाकून बोलायचं आणि कोणाला पाठीवर थाप मारायची, हेही वस्तादच ठरवणार. स्वतः कुस्ती मारण्यात यातलं काहीच येत नाही.

कोल्हापूरकरांना हे आणखी जवळचं. तिथल्या फुटबॉल संघांची नावंच पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार तालीम अशी आहेत.

लायसन्स म्हणजे नेमकं काय

फुटबॉलने या वस्तादकीला पायऱ्या पाडल्या आहेत. भारतात मुख्य पायऱ्यांमधली पहिली म्हणजे 'डी' लायसन्स. ते अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचं, लहान मुलांना खेळ शिकवणाऱ्यांसाठी असतं. त्यावर आशियाई महासंघाचे 'सी', 'बी', 'ए' आणि सगळ्यात वर 'प्रो'. साधारणपणे सी आणि बी मध्ये कुमार वयोगट आणि अकरा जणांच्या संघाची घडी, ए मध्ये मोठ्यांचा संघ, आणि प्रो मध्ये सर्वोच्च क्लब व राष्ट्रीय संघ चालवण्याचं शिक्षण. आयएसएलमध्ये मुख्य कोच व्हायचं तर प्रो किंवा त्याच्या तोडीचं लायसन्स लागतं. एकदा मिळालं म्हणून ते आयुष्यभर चालतही नाही, ठरावीक काळाने नवं शिक्षण घेऊन नूतनीकरण करावं लागतं.

किती शिकावं लागतं? युरोपातला आकडा घ्या: सी साठी किमान ६० तास, बी साठी १२०, ए साठी १८० आणि प्रो साठी ३६०. म्हणजे शेवटची पायरी आधीच्या तिन्हींच्या बेरजेएवढी. ती टप्प्याटप्प्याने, महिनोन्‌महिने चालते आणि मधल्या काळात माणसाने आपल्या संघाबरोबर काम करत राहायचं असतं.

परीक्षेचा कागदी भाग सोडून देऊ. खरी कसोटी मैदानावर असते. उमेदवाराला विषय देतात, समजा, "बचावफळीकडे चेंडू असताना तो मधल्या फळीपर्यंत नेणे." समोर खरे खेळाडू. खेळ सुरू होतो. कुठेतरी चुकतं, आणि उमेदवाराने त्याच क्षणी शिट्टी मारून सगळ्यांना जागच्या जागी थांबवायचं असतं. उशीर झाला तर खेळाडू हललेले असतात आणि चूक दिसेनाशी होते. मग नेमकं कोण चुकलं ते सांगायचं. बहुतेक वेळा ज्याच्या पायात चेंडू होता तो चुकलेला नसतो, ज्याने त्याच्यासाठी जागा मोकळी करायला हवी होती तो चुकलेला असतो. त्याला योग्य जागी उभं करून दाखवायचं, दोन वाक्यांत कारण सांगायचं, आणि खेळ पुन्हा सुरू. तिसरं वाक्य आलं की पोरं कंटाळतात. परीक्षक कडेला वही घेऊन हेच टिपत असतो.

खेळताना ज्याची नजर पंधरा वर्षं चेंडूवर होती, त्याला आता चेंडू सोडून उरलेल्या एकवीस जणांकडे बघायला शिकायचं असतं. चांगले चांगले खेळाडू इथेच अडतात.

"पण मोठा खेळाडूच मोठा कोच होणार ना?"

दोन्ही बाजूंनी दाखले आहेत. ब्राझीलचा झागालो, जर्मनीचा बेकेनबाउर, फ्रान्सचा देशाँ या तिघांनी खेळाडू म्हणून वर्ल्ड कप जिंकला आणि कोच म्हणूनही. आपल्याकडे पी. के. बॅनर्जींचा दाखला आहे. १९६२ च्या एशियाड अंतिम सामन्यात गोल करणारा हा फॉरवर्ड पुढे कोलकात्याच्या मैदानांचा सम्राट कोच झाला. सामन्याआधीच्या त्यांच्या भाषणांना बंगालमध्ये 'व्होकल टॉनिक' म्हणत. १९९७ च्या फेडरेशन कप उपांत्य फेरीत त्यांच्या ईस्ट बंगालने मोहन बागानला ४-१ हरवलं तेव्हा सॉल्ट लेक स्टेडियममध्ये एक लाख एकतीस हजारांवर माणूस होता.

आता दुसरी बाजू. मॅराडोनापेक्षा मोठा खेळाडू कुठून आणणार? २०१० मध्ये तो अर्जेंटिनाचा कोच होता, संघात मेस्सी होता, आणि उपांत्यपूर्व फेरीत जर्मनीने ४-० ने घरी पाठवलं. २०२२ मध्ये त्याच अर्जेंटिनाला वर्ल्ड कप जिंकून देणारा स्कालोनी खेळाडू म्हणून २००६ च्या वर्ल्ड कप संघात होता खरा, पण आघाडीच्या नावांमध्ये त्याची गणती कधी झाली नाही. इटलीचा साकी तर वरच्या पातळीवर खेळलाच नव्हता. त्याने ए.सी. मिलानला दोनदा युरोपियन कप जिंकून दिला.

कोणी म्हणेल, बेकेनबाउरकडे तरी कुठे लायसन्स होतं? नव्हतं, बरोबर. १९८४ मध्ये पश्चिम जर्मनीची सूत्रं घेताना ते नसल्यामुळे त्याला नेहमीचं प्रशिक्षकाचं पद न देता 'संघप्रमुख' अशा अर्थाचं वेगळं पद दिलं गेलं. पण त्याच्या शेजारी लायसन्सधारक माणसं होती. नियमाला बगल देतानाही काम येणारा माणूस लागलाच.

खेळलेल्या माणसाला एक फायदा मात्र नक्की मिळतो. तो ड्रेसिंग रूममध्ये शिरला की पहिले पंधरा दिवस सगळे ऐकतात. सोळाव्या दिवशी तो काय सांगतो यावर पुढचं ठरतं.

देशाचा सर्वात यशस्वी कोच शाळामास्तर होता

सय्यद अब्दुल रहीम हैदराबादचे, पेशाने शिक्षक. देशाकडून खेळलेले नाहीत. १९५० पासून १९६२ पर्यंत भारतीय संघ त्यांच्या हातात होता: १९५१ च्या एशियाडमध्ये सुवर्ण, १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथा क्रमांक, १९६२ मध्ये पुन्हा सुवर्ण.

१९६२ ची गोष्ट जरा थांबून बघण्यासारखी आहे, कारण कोच काय करतो ते तिथे उघड दिसतं. आंदळकर आणि कवठेपिरानचे मारुती माने ज्या जकार्ता एशियाडमध्ये पदकं मिळवत होते, तिथेच भारताचा फुटबॉल संघ पहिल्या सामन्यात दक्षिण कोरियाकडून ०-२ हरला. पुढे थायलंडविरुद्ध बचावपटू जर्नेल सिंगचं डोकं फुटलं, टाके पडले. टाके पडलेल्या माणसाला मागे ठेवावं तर हेडरवर भरवसा नाही. बाहेर बसवावं तर एवढा दांडगा माणूस वाया. रहीमसाहेबांनी त्याला बाहेर बसवायचं सोडून थेट सेंटर फॉरवर्डला नेला. हा जुगार नव्हता, जर्नेल कॉलेजात असताना त्या जागी खेळलेला होता, आणि ते कोचला माहीत होतं. त्याने उपांत्य सामन्यात गोल केला, अंतिम सामन्यातही केला. कोरियाचा हिशेब २-१ ने चुकता झाला. प्रेक्षागृहात लाखभर माणूस भारताच्या विरोधात ओरडत होता. रहीमसाहेब तेव्हा कर्करोगाने आतून पोखरले होते, पुढच्या जूनमध्ये ते गेले.

कोणाच्या अंगात काय लपलंय हे लक्षात ठेवणं आणि नेमक्या दिवशी ते बाहेर काढणं, यासाठी स्वतः देशाचा सदरा घातलेला असावाच लागतो असं नाही.

क्लबचा कोच वेगळा, देशाचा कोच वेगळा

जमील यांच्या निकालांवर बोलताना ही गोष्ट सगळ्यात जास्त विसरली जाते. क्लबच्या कोचकडे खेळाडू रोज येतात. मंगळवारी चुकलेलं बुधवारी सुधारता येतं. देशाच्या कोचकडे खेळाडू येतात ते फिफा विंडोत. फिफा विंडो म्हणजे वर्षातले ठरवून दिलेले, बहुतेक आठ-दहा दिवसांचे तुकडे, ज्यात क्लबला आपला खेळाडू देशासाठी सोडावाच लागतो. त्याबाहेर सोडायचा की नाही, ही क्लबची मर्जी. जमील यांचं पहिलंच शिबिर ऑगस्टच्या मध्यावर, विंडोच्या आधी सुरू झालं, आणि मोहन बागानने आपले खेळाडू पाठवले नाहीत. नियमाने त्यांचं काही चुकलं नव्हतं. पण कोचची अडचण बघा: देशातल्या सगळ्यात तगड्या क्लबच्या खेळाडूंशिवाय पहिली स्पर्धा, काफा नेशन्स कप.

त्यात सप्टेंबरच्या सुमारास सुरू होणारी आयएसएल त्या हंगामात व्यावसायिक हक्कांच्या करारात अडकली आणि वेळेवर सुरूच झाली नाही. सामने नाहीत तर खेळाडूंच्या अंगात दम येणार कुठून? फुटबॉलचा दम पळून येत नाही, सामने खेळून येतो.

दहा दिवसांत कोणाला नव्याने पास द्यायला शिकवता येत नाही. मग काय करता येतं? सेट पीस बसवता येतात. सेट पीस म्हणजे खेळ थांबून पुन्हा सुरू होतो ते क्षण: कॉर्नर, फ्री किक, थ्रो-इन. तिथे कोण कुठून धावणार हे आधी ठरवता येतं. मोहम्मद उवैस हा बचावपटू जमशेदपूरला जमील यांच्याच हाताखाली खेळलेला, हाताने चेंडू थेट गोलच्या तोंडापर्यंत फेकणारा. ताजिकिस्तानविरुद्धच्या पहिल्याच सामन्यात त्याच्या लांब थ्रोवर अन्वर अलीने डोकं लावलं आणि पाचव्या मिनिटाला भारत पुढे. तो सामना २-१ जिंकला. त्याच स्पर्धेत तिसऱ्या जागेसाठी, जागतिक क्रमवारीत ७९ व्या असलेल्या ओमानला १-१ वर रोखून पेनल्टींवर ३-२ ने हरवलं. शेवटची पेनल्टी गोलकीपर गुरप्रीतने अडवली. भारत तेव्हा १३३ वा होता.

काहींना हा खेळ रुक्ष वाटतो. वाटू दे. दहा दिवसांत जे बसवता येतं तेच बसवणं हा शहाणपणा आहे, आणि मुंबई एफसीच्या तुटपुंज्या वर्षांत तो अंगी बाणतो. पण या शहाणपणाला मर्यादाही आहे, आणि ती मडगावात दिसली. चौदाव्या मिनिटाला भारताच्या छांगतेने गोल केल्यावर चेंडू पायात ठेवून सामना हातात घ्यायची गरज होती. ते जमलं नाही. सिंगापूरने दोन गोल केले आणि १-२ असा सामना गेला. चेंडू पायात ठेवणं दहा दिवसांत येत नाही, ते वयाच्या दहाव्या वर्षी शिकवावं लागतं.

"मग परदेशी कोचच बरा होता"

होता का? क्रोएशियाचा इगोर स्टिमाच १९९८ च्या वर्ल्ड कपमध्ये तिसऱ्या आलेल्या संघात होता, पुढे क्रोएशियाचाही कोच झाला. म्हणजे "देशाकडून खेळलेला" आणि परदेशी, दोन्ही. २०२३ मध्ये त्याने दक्षिण आशियाई देशांची सॅफ स्पर्धा जिंकून दिली. काही महिन्यांनी कतारमधल्या आशिया कपमध्ये भारत तिन्ही सामने हरला, एकही गोल न करता. त्याच्यानंतर आलेला स्पेनचा मानोलो मार्केझ भारतीय लीग कोळून प्यायलेला माणूस, हैदराबादला आयएसएल जिंकून दिलेला. राष्ट्रीय संघाबरोबर आठ सामन्यांत त्याला एकच विजय मिळाला. पासपोर्ट बदलून मोकळे दिवस वाढत नाहीत.

"हरला की काढा"

जमील यांना आशिया कप पात्रतेत दोन सामन्यांतून एक गुण मिळालेला संघ हातात आला, आणि गटातला फक्त पहिलाच पुढे जाणार होता. सिंगापूरला जाऊन दहा जणांनिशी, नव्वदाव्या मिनिटाला रहीम अलीच्या गोलवर १-१ बरोबरी आणली, पण घरच्या पराभवाने ती वाया गेली. ढाक्याच्या पराभवाचं समर्थन मी करणार नाही, तिथे संघ सुस्त खेळला.

पण काढून टाकण्याआधी १९५२ आठवावं. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी हेलसिंकीत कुस्तीत कांस्य मिळवलं ते ऑलिंपिक आपल्याला पाठ आहे. त्याच ऑलिंपिकमध्ये भारताचा फुटबॉल संघ, बरेचसे खेळाडू अनवाणी, युगोस्लाव्हियाकडून १-१० असा हरला. कोच होते रहीमसाहेब. आजचा जमाना असता तर विमानतळावर उतरायच्या आत त्यांची नोकरी गेली असती. त्यांना ठेवलं गेलं. बूट सक्तीचे झाले, संघ नव्याने बांधला गेला, आणि चार वर्षांनी मेलबर्नमध्ये चौथा क्रमांक आला.

सांगली-साताऱ्याच्या पोराला या वाटेने जायचं असेल तर

भारताकडून खेळलेलं असायची अट कुठल्याच पायरीवर नाही. खेळाची जाण हवी. शाळेत फुटबॉल घेणारे पीटीचे सर, पाचगणीच्या निवासी शाळांमधले क्रीडाशिक्षक, साताऱ्याच्या सैनिक स्कूलचा एखादा जुना खेळाडू, मिरजेत संध्याकाळी पोरं जमवून चेंडू देणारा कोणी, यांपैकी कोणालाही डी लायसन्सला बसता येतं. हे कोर्स राज्य संघटनेमार्फत भरतात, काही दिवसांचे असतात, आणि त्यातला मोठा भाग मैदानावर होतो. वरच्या पायऱ्यांसाठी मधल्या काळात कुठल्या तरी संघाबरोबर प्रत्यक्ष काम केलेलं दाखवावं लागतं. कोर्स भरण्याआधी वीस पोरं आणि एक मैदान जमवणं म्हणून महत्त्वाचं. शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर ते रिकामं असतंच, हेडमास्तरांची परवानगी तेवढी लागते.